किल्लीची गिटार

जुन्या रशियन गिटारीला किल्ली असते, भिंतीवरच्या घड्याळाला असायची तशी. दांडी जिथे धडाला मिळते तिथे मागच्या बाजूला स्क्रू असतो. किल्लीने तो पिळला की दांडी किंचित कलते आणि तारा पडद्यांजवळ येतात किंवा वर उचलल्या जातात. फार पिळलात तर दांडी सुटून हातात येते. लेनिनग्राडच्या लुनाचार्स्की कारखान्यातल्या प्लायवुडच्या गिटारींचे व्हिडिओ मी रात्री उशिरापर्यंत बघतो. दुरुस्ती करणारे त्यांना मनसोक्त शिव्या घालतात आणि तरी दुरुस्त करत राहतात.

यातल्या कित्येकींना सात तारा. मूळचे विल्नियसचे आंद्रेय सिख्रा (1773-1850) यांनी ही सात तारांची गिटार रशियात रुजवली. ते हार्पही वाजवत, आणि या गिटारीची जुळणी ऐकली की ते पटतं: डी-जी-बी-डी-जी-बी-डी. कुठेही बोट न ठेवता हात फिरवा, जी मेजर हा प्रसन्न वाटणारा कॉर्ड (सुरांचा मेळ) वाजतो. एक बोट आडवं ठेवून सगळ्या तारा दाबा, दुसरा मेजर तयार. नवशिक्यावर इतकी माया करणारं वाद्य विरळाच.

गंमत अशी की या गिटारीवर गायली गेलेली गाणी बहुतेक मायनरमधली, म्हणजे उदास वाटणाऱ्या सुरांतली. मायनर म्हटलं की दुसरं, तिसरं बोट कामाला लावावं लागतं. म्हणजे आनंद फुकट आणि उदासीला मेहनत! रशियन माणसाने ती मेहनत मात्र आवडीने केली.

सोव्हिएत कवी-गायक बुलात ओकुजावा मोजक्या कॉर्डवर गाऊ लागले. वडिलांना 1937 मध्ये स्टालिनच्या राजवटीने गोळी घातलेली, आई श्रमछावणीत, स्वतः कोवळ्या वयात युद्धावर जाऊन आलेले. पण गाणी मॉस्कोतल्या आर्बात रस्त्याची, ट्रॉलीबसची, प्रेमाची. आवाज शेजारच्या खोलीत कुणी बोलतंय असा. नट आणि कवी-गायक व्लादिमीर व्हिसोत्स्की याच्या अगदी उलट. त्यांच्या गिटारीच्या तारा बऱ्याच खाली उतरवलेल्या, सैल, आणि वर तो घसा फाटेल असा आवाज. जाणकार वादकाला ते वादन ऐकून झोप येणार नाही. मला त्याच गिटारीवर ते जास्त खरे वाटतात. नंतर ऑर्केस्ट्रासह झालेली ध्वनिमुद्रणं फार इस्त्री केलेली वाटतात.

सरकारी रेकॉर्ड कंपनीचं दार या मंडळींसाठी जेमतेम किलकिलं होतं. मग घराघरांतले टेपरेकॉर्डर कामाला लागले. स्वयंपाकघरात कुणी गायचं, कुणी टेप करायचं, त्या टेपवरून दुसरी टेप, तिसरी, दहावी. याला ‘मागनितिझदात’ म्हणत. इतक्या नकलांनंतर सुरांची नजाकत उरणार कशी? उरायचे शब्द आणि तारांवरचा तो धपाधप हात. वाजवणं साधं होतं म्हणूनच ते दहाव्या नकलेतही टिकलं, असं माझं मत. अशीच गाणी गाणारे नाटककार अलेक्सांद्र गालिच यांना 1971 मध्ये लेखक संघातून काढलं, 1974 मध्ये देश सोडावा लागला, 1977 मध्ये ते पॅरिसमध्ये वारले. टेपा मात्र रशियातच फिरत राहिल्या. व्हिसोत्स्की जुलै 1980 मध्ये गेले, मॉस्कोत ऑलिम्पिक चालू असताना. वर्तमानपत्रांत जेमतेम दोन ओळी, आणि ते जिथे अभिनय करत त्या तागान्का थिएटरबाहेर हजारोंची गर्दी.

सात तारांची सद्दी मात्र तोवर ओसरत आली होती. 1926 मध्ये स्पॅनिश गिटारवादक सेगोव्हिया सोव्हिएत दौऱ्यावर आले, त्यांची सहा तारांची गिटार ऐकून शिकवणाऱ्यांची मनं तिकडे वळली. पुढे बीटल्स वाजवायचे तर पोरांना सहाच तारा हव्यात. अनेकांनी घरातल्या गिटारीची एक तार सरळ काढून टाकली. त्यामुळे जुन्या बाजारात सात खुंट्या आणि सहा तारांच्या गिटारी दिसतात.

समाराजवळ व्होल्गाच्या परिसरात 1968 पासून ग्रुशिन महोत्सव भरतो. नदीत मुलांना वाचवताना बुडालेल्या वालेरी ग्रुशिन या विद्यार्थ्याच्या नावाने. पाण्यावर गिटारीच्या आकाराचा मंच, समोरच्या टेकडीवर लोक, आणि गाणाऱ्याबरोबर सगळी टेकडी गाते. हातांतल्या गिटारी बहुतेक सहा तारांच्याच. टेकडीला त्याचं काही वाटत नाही, मला थोडं वाटतं.