खालची ओळ रिकामी ठेवा

आमचं गिरगावात पाट्यांचं दुकान आहे. बाबांनी सुरू केलेलं, आता मी बघतो, म्हणजे बाबा गल्ल्यावर बसून मी कसं चुकीचं बघतो ते बघतात. डॉक्टर, वकील, सोसायट्यांचे बोर्ड ही रोजची भाकरी, आणि इलेक्शन झाली की राजकारणी. मंत्रालयातल्या दालनाबाहेरच्या पाट्या आपल्याकडे येत नाहीत, ते सरकारी काम, आपल्याकडे येतात त्या घराच्या नाहीतर संपर्क कार्यालयाच्या.

तर २०२४ च्या डिसेंबरात एका आमदारांचे पीए आले. नाव नाही सांगत, पक्षही नाही, शेवटी गिऱ्हाईक आहे. विधानसभेचा निकाल २३ नोव्हेंबरला लागून गेलेला, ५ डिसेंबरला आझाद मैदानात मुख्यमंत्री आणि दोन उपमुख्यमंत्र्यांची शपथ झाली (त्या दिवशी आमचा डिलिव्हरीचा पोरगा सीएसएमटीच्या अलीकडे दीड तास अडकला होता), आणि बाकीच्यांचं काय ते कुणालाच माहीत नाही. पीए म्हणाले पितळेची पाहिजे, दीड फूट बाय एक, वर साहेबांचं नाव, त्याखाली 'मंत्री', आणि त्याखालची ओळ रिकामी ठेवा. मी म्हटलं खातं कुठलं? तर म्हणे ते ठरायचंय हो अजून, पण फोन येणार हे फायनल आहे.

आता पितळेचं असं असतं की अक्षरं कोरायची तर बाकीचा पत्रा झाकून अ‍ॅसिडात सोडायला लागतो, मग अक्षरात काळा रंग भरायचा, मग बफिंग. एकदा पाटी पूर्ण झाली आणि पंधरा दिवसांनी खाली अजून एक ओळ घाला म्हटलं की परत सगळं झाकाझाकी, आणि कितीही करा, दोन ओळींचा काळा जुळत नाही. लांबून कळतं की खालची ओळ नंतर आलीये. मी त्यांना समजावलं, अ‍ॅक्रिलिक घ्या, स्वस्त पडेल, बदलताही येईल. नाही, साहेबांना पितळच. बरं बाबा. अ‍ॅडव्हान्स दिला नाही, हे लिहून ठेवतो.

याच दिवसांत रात्री ताईचा फोन यायचा न्यू जर्सीहून. त्यांच्याकडे ५ नोव्हेंबरला ट्रम्प निवडून आलेला आणि तिकडेही मंत्रिमंडळाचंच चाललेलं, म्हणजे दोघं भावंडं दोन टोकांना बसून आज कोणाचं नाव आलं हेच बोलत होतो. आणि माझ्या धंदेवाईक डोक्याला एक गोष्ट लागली ती अशी की तिकडे खालची ओळ रिकामी नसतेच. नाव जाहीर होतं ते खात्यासकटच. अमुक माणूस परराष्ट्र, तमुक माणूस संरक्षण. नुसता 'मंत्री' असा प्रकारच नाही. (त्यांना मंत्रीही म्हणत नाहीत, सेक्रेटरी म्हणतात, ते आपल्याकडे पाटीवर लिहिलं तर लोक सोसायटीचा सेक्रेटरी समजतील.) आपल्याकडे बघा, १५ डिसेंबरला नागपुरात ३९ जणांनी शपथ घेतली आणि खातेवाटप झालं २१ ला रात्री. मधले सहा दिवस ही माणसं मंत्री होती, पण कशाची? शेतीची की शाळांची ते त्यांनाही माहीत नाही. आणि हे तर लवकर झालं म्हणायचं, २०२२ मध्ये ३० जूनला मुख्यमंत्री आणि उपमुख्यमंत्री अशा दोघांनीच शपथ घेतली ती ९ ऑगस्टपर्यंत अख्खं राज्य दोघंच चालवत होते.

आणि नाव खात्यासकट आलं की पुढचा प्रश्न आपोआप येतो ना, हा माणूस याच खात्याला का? तो प्रश्न तिकडे समोर बसवून विचारतात. एफबीआय चौकशी करते, पैशाअडक्याचे कागद द्यायचे, मग सिनेटच्या, म्हणजे तिकडच्या संसदेच्या वरच्या सभागृहाच्या, कमिटीसमोर उघड्यावर मुलाखत, टीव्हीवर, आणि शेवटी अख्ख्या सिनेटचं मतदान. निवडणूक नोव्हेंबरात आणि राष्ट्राध्यक्षाची शपथ २० जानेवारीला, त्यामुळे उकरायला वेळही भरपूर. ट्रम्पने १३ नोव्हेंबरला मॅट गेट्झचं नाव अ‍ॅटर्नी जनरल, म्हणजे तिकडचा न्याय खात्याचा मंत्री, म्हणून दिलं, त्याने तिकडे खासदारकीचा राजीनामाही टाकला, आणि २१ ला त्याने स्वतःच माघार घेतली कारण स्वपक्षाचेच सिनेटर राजी होईनात. आठ दिवस! त्याची पाटी कुणी केली असेल तर त्या माणसाबद्दल मला मनापासून सहानुभूती आहे.

ताईने मला २००९ चा किस्सा सांगितला, टॉम डॅशल म्हणून, ओबामाने आरोग्य खात्यासाठी निवडलेला, पूर्वी सिनेटमधला डेमोक्रॅटांचा नेता. त्याला एका ओळखीच्याने गाडी आणि ड्रायव्हर वापरायला दिलेला, आणि ती सोय उत्पन्नात धरून त्याने टॅक्स भरला नव्हता. एक लाख डॉलरच्या वर टॅक्स निघाला, तो त्याने भरला, तरी माघार घ्यावी लागली. गाडी आणि ड्रायव्हर! बाबा एवढे हसले की त्यांना ठसका लागला. १९८९ मध्ये तर जॉन टॉवर, चोवीस वर्षं सिनेटमध्ये काढलेला माणूस, त्याला संरक्षण खात्यासाठी त्याच सिनेटने ५३ विरुद्ध ४७ ने नाकारलं.

आता लगेच तिकडे सगळं सोन्याचं असं मी म्हणत नाहीये. २०२५ च्या २४ जानेवारीला, शुक्रवारी, पीट हेगसेथ संरक्षण मंत्री झाला, टीव्हीवरचा अँकर, मुलाखतीत एवढे वाभाडे निघाले, पक्षाचे तीन जण फिरले, मतं झाली ५०-५०, आणि उपाध्यक्ष व्हान्सने येऊन स्वतःचं मत टाकलं. झाला मंत्री. म्हणजे पक्षाने मनावर घेतलं की मुलाखत वगैरे ठीक आहे. उलट परराष्ट्र खात्याला मार्को रुबिओ ९९ विरुद्ध शून्यने पास झाला, पण त्याला सिनेटची जागा सोडावी लागली, कारण तिकडे खासदार आणि मंत्री एकाच वेळी होता येत नाही. आपल्याकडे बरोब्बर उलटं, मंत्री झालात तर सहा महिन्यांत आमदार व्हावंच लागतं.

यावर बाबांचं म्हणणं वेगळं आहे आणि ते मला खोडता येत नाही. ते म्हणतात तुझ्या त्या अमेरिकेतल्या मंत्र्याला मत कोणी दिलंय? एका माणसाने उचलला आणि बसवला. आपला कसाही असला तरी त्याच्या वॉर्डातल्या बाईला त्याला गाडी अडवून पाण्याचं विचारता येतं. बरोबर आहे. पण मग मी विचारतो की गाडी अडवून पाण्याचं विचारायला आमदार पुरतो, मंत्री करताना बघतात काय? तर कुठला विभाग, कुठली जात, कोण नाराज, कोण कुणासोबत आला. ही बेरीज झाली की मग उरलेलं खातं कोणाच्या तरी पदरात पडतं. २०२५ चंच घ्या, १८ जानेवारीला पालकमंत्र्यांची यादी आली आणि दुसऱ्याच दिवशी रायगड आणि नाशिकला स्थगिती. माणूस खात्याला बसतो का हे कोणी बघत नाही, बेरीज बसते का हे बघून माणसं हलवतात. बाबा म्हणाले तू धंदा बघ.

एक गंमत मात्र ताईकडूनच कळली आणि आवडली. व्हाइट हाऊसमध्ये मंत्रिमंडळाच्या बैठकीची जी खोली आहे तिथे प्रत्येकाची खुर्ची ठरलेली आणि खुर्चीच्या पाठीला पितळी पाटी, त्यावर पद. माणूस पायउतार झाला की ती खुर्ची त्याला विकत घेता येते, बऱ्याचदा हाताखालचे लोक वर्गणी काढून त्याला भेट देतात. आपल्याकडे खुर्ची विकत घेण्याबद्दल मी काही बोलत नाही.

तर आमची पाटी. १५ तारखेला नागपूरचा शपथविधी दुकानात मोबाईलवर लावून ठेवला होता, ३९ नावं झाली, साहेबांचं नाही आलं. पीएंना फोन केला, उचलला नाही. दुसऱ्या दिवशी उचलला, म्हणाले भाऊ थांबा जरा, अडीच वर्षांनी बदल होणार आहे, तेव्हा आपलं फायनल आहे. अडीच वर्षं! पितळ काळं पडेल हो तोवर. पाटी काउंटरच्या मागे भिंतीला टेकवून ठेवलीये, वर नाव, खाली 'मंत्री', त्याखाली गुळगुळीत मोकळी जागा, येणारी-जाणारी गिऱ्हाइकं त्यात केस नीट करतात.

काल एक डेंटिस्ट आले, त्यांना याच मापाचं पितळ हवं होतं. मी पाटी उलटी करून मागची बाजू दाखवली, पत्रा जाड आहे, चालेल म्हणाले. मी घ्यायला हात घातला तर गल्ल्यावरून बाबा म्हणतात, थांब रे, आमदार २८८, त्यांचे पंधरा टक्के म्हणजे ४३ मंत्री चालतात, आणि झालेत ४२.

डॉक्टरांना नवीन पत्रा कापून दिला.