एफिसस: सेल्ससच्या ग्रंथालयाच्या पायरीवर

तुर्कस्तानातल्या इझ्मिरच्या बास्माने स्टेशनवरून सेल्चुकची गाडी पकडायची. सेल्चुकहून एफिसस या प्राचीन ग्रीक-रोमन शहराचे अवशेष अगदी जवळ आहेत. मी वरच्या दरवाजाने आत शिरले आणि क्युरेटिस रस्त्याची उतरण धरली. इथला संगमरवर इतका गुळगुळीत झालाय की चालताना लक्ष पायांकडेच राहतं. उतार संपतो तिथे सेल्ससच्या ग्रंथालयाचा दुमजली दर्शनी भाग समोर येतो.

फोटो काढायला गर्दी असते ती खांबांपुढे. मला मात्र पायऱ्यांच्या दोन्ही अंगांचे चौथरे बघायचे होते. त्यांच्यावर एकेकाळी टिबेरियस ज्युलियस सेल्सस या रोमन अधिकाऱ्याचे अश्वारूढ पुतळे होते. पुतळे गेले, लेख राहिले: एक लॅटिनमध्ये, एक ग्रीकमध्ये. सरकारी नोकराचं सेवापुस्तक उघडावं तशी अख्खी कारकीर्द तिथे कोरलेली आहे.

सुरुवात सर्वोच्च पदांनी होते: कॉन्सल (रोमचं सर्वोच्च शासकीय पद), आशिया प्रांताचा, म्हणजे आजच्या पश्चिम तुर्कस्तानचा, प्रोकॉन्सल (प्रांताचा राज्यपाल). मग लेख मागे जातो, पार तरुणपणीच्या हुद्द्यापर्यंत: तिसऱ्या सायरेनाइका लीजनमधला, म्हणजे रोमन सैन्यदलातला, ट्रिब्यून (लष्करी अधिकारी). या ओळीपाशी मी सगळ्यात जास्त रेंगाळले. ही लीजन इजिप्तमध्ये होती, आणि 1 जुलै इ.स. 69 रोजी अलेक्झांड्रियातल्या फौजांनीच व्हेस्पेशियनला सम्राट म्हणून जाहीर केलं. सेल्सस तेव्हा तिथे होता असं अभ्यासक मानतात. लेखातली पुढचीच नोंद अशी: व्हेस्पेशियनने त्याला थेट एडाइल (शहराच्या कारभाराचा अधिकारी) दर्जाच्या सिनेटरांत बसवलं. आशिया मायनरमधल्या ग्रीक भाषिक घराण्यातल्या माणसाला रोमच्या सिनेटचं दार असं उघडलं.

त्यानंतरची चढण लांबलचक आहे. प्रेटर (न्यायदानाचा वरिष्ठ अधिकारी), कॅपाडोशिया-गॅलेशिया प्रांताकडे सम्राटाचा लेगेट (प्रतिनिधी), चौथ्या सिथिका लीजनचा सेनापती, बिथिनिया-पाँटसचा प्रोकॉन्सल, लष्करी खजिन्याचा प्रमुख, सिलिशियाचा कारभारी, रोममधल्या देवळांचा आणि सार्वजनिक इमारतींचा देखरेखदार. इ.स. 92 मध्ये कॉन्सल. ग्रीक पूर्वेकडून त्या पदावर पोचलेल्या अगदी पहिल्या काही जणांतला हा एक. 105-106 च्या सुमारास तो आशियाचा प्रोकॉन्सल होऊन याच एफिससमध्ये आला. दर्शनी भागातल्या चौकोनी खांबांवरच्या वेलबुट्टीतही त्याचा अधिकार दिसतो: कॉन्सलपुढे चालणाऱ्या सेवकांच्या खांद्यावरची काठ्यांची मोळी आणि कुऱ्हाड. मान उंचावून नीट शोधा, नाहीतर पानाफुलांत ती हरवते.

कोनाड्यांत चार स्त्रीमूर्ती आहेत, त्याच्या गुणांच्या. या प्रतिकृती, मूळ मूर्ती व्हिएन्नात आहेत.

मला सर्वांत भिडला तो त्याचा मुलगा, आक्विला. तोही 110 मध्ये कॉन्सल झाला. रोमन रिवाजानुसार मृतांना वेशीबाहेर पुरत, शहराच्या मध्यात कबर हा क्वचित मिळणारा मान. तो मान वडिलांना मिळाला, आणि मुलाने त्या कबरीवर ग्रंथालय बांधायला घेतलं. मागच्या भिंतीतल्या मोठ्या कोनाड्याखालच्या तळघरात सेल्ससची संगमरवरी शवपेटी आहे. पुस्तकं आणि देखभालीसाठी आक्विलाने 25,000 दिनार (रोमन चांदीची नाणी) ठेवले. इमारत मात्र त्याच्या हयातीत पुरी झाली नाही. वारसांनी ती पूर्ण केली, आणि तेही चौथऱ्यावरच्या लेखात नोंदवलंय.

262 च्या सुमारास आतलं दालन जळून गेलं. पुढे कधीतरी दर्शनी भागही कोसळला. 1970 च्या दशकात ऑस्ट्रियन पुरातत्त्वज्ञांनी तो पडलेल्या दगडांतून पुन्हा उभारला. त्याचं तोंड पूर्वेकडे आहे. सकाळी लवकर जा; तिरप्या उन्हात अक्षरं छान उठून दिसतात.