उतरणारा सूर

रशियन संगीतकार स्ट्राव्हिन्स्कीची 'मिस्सा', म्हणजे कॅथलिक उपासनेतल्या प्रार्थनांची संगीतरचना, जेमतेम सतरा मिनिटांची आहे. तिच्या ध्वनिमुद्रणासाठी आम्ही अख्खा दिवस धरला होता, तीन-तीन तासांची दोन सत्रं. पहिल्या सत्राचा पहिला तास संपत आला, तरी वापरण्याजोगं एक मिनिटही हाती लागलं नव्हतं.

मी इंग्लंडमध्ये ध्वनिमुद्रणाचं काम करते, बहुतेक कॉयर (गायकवृंद) आणि लहान वाद्यवृंदांचं. चर्च गावाबाहेरचं होतं, दगडी, उंच छताचं. गाणं थांबलं तरी सूर दोन-अडीच सेकंद हवेत रेंगाळायचा, आणि त्या गुंजनासाठीच आम्ही ती जागा निवडली होती. महिना फेब्रुवारीचा. गरम हवा फेकणाऱ्या पंख्याची घरघर माइकमध्ये स्पष्ट यायची, म्हणून टेक चालू असताना तो बंद ठेवावा लागे. आत ११ अंश तापमान होतं.

या रचनेला साथ आहे ती फक्त दहा वाद्यांची: दोन ओबो, एक कोर आंग्ले, दोन बासून, दोन ट्रंपेट, तीन ट्रॉम्बोन. सगळी फुंकून वाजवायची. व्हायोलिन नाही, चेलो नाही, ऑर्गनही नाही. तिचे 'किरिये' आणि 'ग्लोरिया' हे पहिले दोन भाग १९४४ सालचे, बाकीचे भाग १९४८पर्यंत पूर्ण झाले. हे काम स्ट्राव्हिन्स्कीला कुणी सांगितलेलं नव्हतं. लॉस एंजेलिसला संगीताच्या जुन्या पुस्तकांच्या दुकानात मोझार्टच्या काही मिस्सा त्याच्या हाती लागल्या, त्या त्याला फार गोड आणि नाटकी वाटल्या, आणि उपासनेत खरोखर गाता येईल अशी मिस्सा लिहावी असं त्याच्या मनानं घेतलं. तो स्वतः रशियन ऑर्थोडॉक्स पंथाचा. त्यांच्या उपासनेत वाद्यांना मनाई आणि याला तर वाद्यं हवी होती, म्हणून त्यानं कॅथलिकांची लॅटिन मिस्सा घेतली. वेदीसमोर गाण्यासाठी लिहिलेली ही रचना पहिल्यांदा ऐकू आली ती मात्र ऑपेराच्या घरात, मिलानच्या ला स्काला इथे, २७ ऑक्टोबर १९४८ रोजी. एर्नेस्ट आन्सेर्मे यांनी तिचं संचालन केलं होतं.

कॉयरमधले वरचे दोन आवाज मुलांचे असावेत अशी त्याची इच्छा होती. आमच्याकडे मुलंच होती, कोटांवर मफलर गुंडाळून उभी.

अडचण सुराची होती. हवा थंड असली की तिच्यातून ध्वनी सावकाश जातो आणि फुंकीच्या वाद्याचा सूर उतरतो. एका अंशामागे साधारण तीन सेंट, आणि अर्ध्या स्वराचे शंभर सेंट. वाजवताना वादकाच्या श्वासानं नळी तापते, सूर हळूहळू वर येतो. वाजवणं थांबलं की दोन मिनिटांत पुन्हा खाली. माणसाच्या गळ्याचं तसं नाही. मुलांनी महिनाभर पियानोवर तालीम केली होती, त्यांच्या कानात पियानोचा सूर पक्का बसला होता. परिणाम असा, की टेकच्या सुरुवातीला वाद्यं खाली आणि मुलं वर, शेवटाकडे दोघं जवळजवळ एका जागी. मधल्या चार मापांसाठी, म्हणजे तालाच्या चार आवर्तनांसाठी, वेगळा तुकडा घ्यावा, तर तोवर वाद्यं गार झालेली. तो तुकडा आधीच्या टेकला जोडला की सांधा उघडा पडायचा.

पहिला ओबो वाजवणाऱ्या बाई टेक संपला की वाद्य कोटाच्या आत छातीशी धरून बसायच्या. गार लाकडात एकदम गरम श्वास गेला तर लाकूड चिरतं. नळीत श्वासाचं पाणी साठून एका स्वराखाली बुडबुडल्यासारखा आवाज यायला लागला, की त्या सिगारेटच्या पातळ कागदाची पट्टी त्या किल्लीखाली सरकवायच्या, किल्ली दाबून ओली पट्टी बाहेर काढायच्या, खिशात टाकायच्या आणि नवी घ्यायच्या. दुपारपर्यंत त्यांचा खिसा अशा पट्ट्यांनी भरला होता.

प्रोड्यूसर म्हणाला, "वाद्यांचा सूर नंतर कॉम्प्युटरवर उचलू." मी ठाम नकार दिला. अशा चर्चमध्ये कॉयरच्या माइकमध्ये बासून शिरलेला असतो आणि बासूनच्या माइकमध्ये मुलं. एकाचा सूर सरकवला तर दुसऱ्या माइकमध्ये तोच सूर जुन्या जागी राहतो आणि छतावरून परतलेला नादही. ऐकणाऱ्याला कारण सांगता येणार नाही, पण आवाज धुरकट लागेल. या संगीतात लपायला जागाच नाही. ओबोचा एक स्वर पाच सेंट उतरला तरी तो उघडा पडतो.

मग कामाची रीतच बदलली. तुकडे घेणं बंद, प्रत्येक भाग आदीपासून अंतापर्यंत सलग. मधल्या वेळेत पंखा पूर्ण जोरात. टेकआधी दहाही वादकांनी दोन मिनिटं सलग वाजवत राहायचं, काहीही, फक्त नळ्या तापायला हव्यात. टेकच्या नोंदीत मी वेळेशेजारी तापमान लिहू लागले. आणि मुलांना उचलून बासूनच्या लगेच मागे उभं केलं, ट्रॉम्बोनची तोंडं बाजूच्या भिंतीकडे वळवली. तोवर मुलांना वाद्यं ऐकू येत होती ती छतावरून फिरून. आता श्वास घेतलेलाही ऐकू येऊ लागला. 'ग्लोरिया'त एकट्या मुलाच्या आवाजाभोवती लाकडी वाद्यांच्या वळणदार ओळी आहेत, तिथे हा फरक मला हेडफोनमध्ये लगेच जाणवला. 'क्रेदो', म्हणजे श्रद्धेची कबुली, तर इतका सुधारला की ओळखू येईना. तो बहुतेक सगळा हळू आवाजात, शब्दामागून शब्द, सगळ्यांनी एकत्र म्हणायचा आहे. सैनिकांची पावलं जुळावीत म्हणून जशी कूच लिहितात, तसा हा 'क्रेदो' शब्दांच्या मदतीसाठी लिहिला, असं स्ट्राव्हिन्स्कीचं म्हणणं. माझी आजी वसईची. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनंतर मिस्सा मराठीत आली, तरी तिला लॅटिनमधला 'क्रेदो' तोंडपाठ होता आणि ती तो असाच एका लयीत म्हणायची. या संगीताला थंड म्हणणाऱ्यांशी माझं जमत नाही, त्यामागे तीही आहे.

'अग्नुस देई', म्हणजे देवाच्या कोकराला तीनदा केलेली विनवणी, शेवटी ठेवला होता. त्यात वाद्यांचा एक छोटा तुकडा पुन्हा पुन्हा येतो आणि मध्ये कॉयर एकटं गातं, कुठलीही साथ नसताना. गवय्याच्या मागचा तंबोरा मध्येच काढून घ्यावा आणि जरा वेळानं परत लावावा, तसं. एकटं गाताना कॉयर किंचित जरी घसरलं, तरी वाद्यं परतताक्षणी ते सगळ्यांना कळतं. शिवाय आमच्याकडे दुसरं संकट: मुलं गात असताना वाद्यं गार होत होती.

कंडक्टर बाईंनी वादकांना सांगितलं, की कॉयर गात असेल तेव्हा वाद्याचं तोंड ओठांना लावूनच ठेवा आणि आवाज न करता नळीत ऊन श्वास सोडत राहा. मुलांना त्या म्हणाल्या, "वाद्यांचा शेवटचा स्वर मनात धरून ठेवा, सोडू नका." पहिले दोन टेक फसले. तिसऱ्यात कॉयर थांबलं, वाद्यं आली आणि सूर जुळला. पुढच्या वेळीही जुळला. तिसऱ्या विनवणीनंतर ट्रॉम्बोन आत आले तेव्हा माझा हात आवाज कमी-जास्त करायच्या फेडरवर होता, पण मी तो हलवला नाही. समोर स्वरलिपी घेऊन बसलेल्या प्रोड्यूसरनं पेन्सिल खाली ठेवली.

'किरिये'त पाच सांधे आहेत, 'क्रेदो'त त्याहून जास्त. 'अग्नुस देई'त एकही नाही. दुसऱ्या विनवणीच्या आधी एका मुलाचा बूट लादीवर घासल्याचा आवाज त्यात येतो. प्रोड्यूसरला तो काढायचा होता. मी म्हटलं, तो काढायचा तर तिथे दुसऱ्या टेकचा तुकडा लावावा लागेल, आणि त्या टेकमध्ये वाद्यं सात सेंट खाली आहेत. त्यानं दोन्ही ऐकले आणि बुटाचा आवाज तसाच ठेवला.