तोवर, की तो वर?

गेली तीन वर्षे मी एका कल्पित जगाची कादंबरी लिहीत आहे, आणि त्या जगाच्या केंद्रस्थानी एक पोथी आहे. पहिल्या खर्ड्यात ती सोन्याच्या पत्र्यांवर कोरलेली होती, अंधारात उजळत होती आणि उघडणाऱ्याला त्याचे भविष्य सांगत होती. तो सगळा भाग मी काढून टाकला, कारण गुहागर तालुक्यातल्या ज्या घरात मी वाढले, त्या घरातल्या पोथीशी तिचे काहीच नाते जुळत नव्हते. पवित्र ग्रंथ कसा असतो हे मला त्या घरातल्या पोथीनेच दाखवले आहे.

आजोबांची ती पोथी हस्तलिखित होती. आडवी, सुटी पाने, वरखाली दोन लाकडी फळ्या आणि भोवती लाल बासन. वाचून झालेले पान आजोबा पालथे करून बाजूला ठेवीत, त्यामुळे पानांचा क्रम एकदा चुकला की कथा भलतीकडेच जाई. कोकणातल्या चार महिन्यांच्या पावसात बासनालाही ओल धरे. आश्विनातले ऊन पडू लागले की आजी पाने ओटीवर सावलीत पसरून वारा देई, कसर झटकी आणि वेखंडाचे ताजे तुकडे घालून पोथी पुन्हा बांधून ठेवी. आजीला वाचता येत नव्हते. तरीही ती पोथी आमच्यापर्यंत पोहोचली ती मुख्यतः तिच्यामुळे, असे मला आज वाटते. म्हणून माझ्या कादंबरीत पोथीची राखण करणाऱ्या बायका निरक्षर आहेत.

त्या पोथीत लिहिलेले काय असावे, हे मात्र मला बंदरावर सापडले. शेजारच्या वाडीतल्या एका वृद्ध तांडेलांना, म्हणजे होडीवरच्या खलाशांच्या प्रमुखांना, मी भरतीची वेळ कशी काढतात ते विचारले होते. ते म्हणाले, “तिथीची पाऊणपट कर बाय, झालं.” अष्टमी असेल तर आठाची पाऊणपट सहा, म्हणून भरती सहाच्या सुमारास, पौर्णिमेला पंधराची पाऊणपट सव्वाअकरा, वद्य प्रतिपदेपासून मोजणी पुन्हा एकापासून. दुसरी भरती त्यानंतर साधारण साडेबारा तासांनी. छापील तक्त्याशी ताडून पाहिले तर थोडाफार फरक पडतो, पण होडी लोटण्यासाठी एवढा हिशेब पुरतो. पौर्णिमा-अमावास्येला चंद्र आणि सूर्य यांची ओढ एका रेषेत येते आणि समुद्राला उधाण येते. अष्टमीच्या आसपास ती ओढ आडवी पडते आणि भांगाची, म्हणजे कमी चढणारी, भरती येते. पिढ्यानुपिढ्या तोंडी चालत आलेले हे गणित ऐकताना मला प्रथमच जाणवले, की ज्यावर माणसांचे जीव अवलंबून असतात ते ज्ञान मंत्र होण्यापासून फार दूर नसते.

म्हणून माझ्या जगाला मी दोन चंद्र दिले. मोठ्याचा महिना 30 दिवसांचा, धाकट्याचा 18 दिवसांचा. मोठ्याचे उधाण दर 15 दिवसांनी येते, धाकट्याचे दर 9 दिवसांनी, आणि दर 45 दिवसांनी दोन्ही उधाणे एकत्र येऊन किनाऱ्यावरची घरे धोक्यात येतात. पोथी मुळात या महाउधाणाची सूचना आहे. तिच्यातली मुख्य ओवी मी अशी रचली:

दोन चांद एके घरीं । नाव ओढावी वरी ।
पाणी सातवी पायरी । तोवरयेईल ॥

जुन्या हस्तलिखितांत शब्द तोडून लिहीत नसत. अक्षरे सलग चालत आणि कुठे थांबायचे ते वाचणाऱ्याच्या जिभेला ठाऊक असे. ओवी रचणाऱ्याला म्हणायचे होते, की नाव ओढून होते न होते तोवर पाणी सातव्या पायरीपर्यंत येईल. काही शतकांनी गाव समुद्रापासून आत सरकले, पायऱ्या वाळूखाली गेल्या, आणि नव्या वाचकांनी तेच शब्द ‘तो वर येईल’ असे तोडले. कोण वर येईल? या प्रश्नातून एक देव जन्माला आला, त्याचे देऊळ उभे राहिले आणि त्याची वाट पाहणारा पंथही. त्या जगाची भाषा मराठी नाही हे मला कळते, पण वाचकासमोर ती मराठीतूनच उभी राहते, म्हणून तिची चूकही मराठीच्या पोटातूनच यायला हवी, असा माझा आग्रह आहे.

दुसरी गोष्ट हरताळाची. बोरूने लिहिताना चूक झाली तर लेखनिक त्या अक्षरांवर हरताळ या पिवळ्या खनिजाचा लेप देत आणि सुकल्यावर त्यावर योग्य अक्षर लिहीत. आपला ‘हरताळ फासणे’ हा वाक्प्रचार तिथूनच आला आहे. माझ्या पोथीच्या तिसऱ्या अध्यायात एका शब्दावर असा लेप आहे, पण त्यावर पुन्हा काहीच लिहिलेले नाही. ती दुरुस्ती आहे की कोणी मुद्दाम लपवलेला शब्द, यावरून कादंबरीतले दोन भाऊ आयुष्यभर एकमेकांशी बोलत नाहीत. हा भाग लिहायला मला सर्वांत जास्त वेळ लागला आणि माझ्या मते तोच सर्वांत खरा उतरला आहे.

मधल्या काळात कथेच्या सोयीसाठी पोथीत आणखी चार ओव्या घालाव्यात असा मोह मला झाला होता. तेव्हा एकनाथमहाराजांची आठवण झाली. शके 1506 मध्ये त्यांनी ज्ञानेश्वरीची शुद्ध प्रत सिद्ध केली आणि शेवटी बजावले, की या ग्रंथात जो आपली ओवी घालील त्याने अमृताच्या ताटात नरोटी ठेवली असे समजावे. नरोटी म्हणजे आपली करवंटी. ती ताटात कशी दिसेल हे कोकणातल्या माणसाला वेगळे सांगावे लागत नाही. त्या चार ओव्या मी पोथीत घेतल्या नाहीत. त्या एका उतावळ्या पुजाऱ्याच्या तोंडी घातल्या, आणि त्या मागाहूनच्या आहेत हे ओळखणारी एक राखणदार बाईही कथेत आली. आजोबांची पोथी ऐकून ऐकून आजीचा कान तयार झाला होता, तसाच तिचाही कान आहे.

आता एकच तपशील पक्का करायचा राहिला आहे. आमच्या धक्क्यावर साध्या भरतीचे पाणी तिसऱ्या पायरीला लागते आणि उधाणाचे पाचव्या, असे मी लहानपणापासून धरून चालले आहे. त्याच हिशेबाने दोन चंद्रांसाठी सातवी पायरी ठरवली. पण मी त्या पायऱ्या स्वतः कधी मोजलेल्या नाहीत. येत्या अमावास्येला सकाळी अकराच्या आधी मी धक्क्यावर जाणार आहे. तांडेलकाकाही येतो म्हणाले आहेत.