तिसरी ओळ

आबांनी मी रंगवलेली अभ्यासिकेची भिंत बघितली, मान डोलावली, मजुरी हातावर ठेवली. त्यांच्या मनासारखं झालं. ब्रश धुवायला घेतले तेव्हा खिडकीपाशी बसलेल्या लेकरानं वहीतून डोकं वर काढलं. "काका, ह्याच्या पुढं काय हाय?"

म्हणलं, एवढंच हाय बाळा.

तेव्हापासून चैन नाही. घास घशाखाली उतरला नाही.

भिंतीवर आहे, "सामर्थ्य आहे चळवळीचे, जो जो करील तयाचे". याच्याखाली तिसरी ओळ आहे, "परंतु तेथे भगवंताचे अधिष्ठान पाहिजे". समर्थांचा जन्म 1608 चा, जालन्याकडच्या जांबचा. आपल्याच मुलखातल्या माणसाची ओवी, आणि आपणच ती कमरेत तोडून भिंतीला लावतो. त्या ओवीचा सगळा जीव 'परंतु'त आहे. तो काढला की जो करील त्याचं, एवढंच उरतं. मग "बळी तो कान पिळी" लिहिलं असतं तरी काय बिघडलं असतं?

जागा नव्हती, असं मी दिवसभर स्वतःला सांगतोय. हिशोब असा. भिंत दहा फूट, म्हणजे 120 इंच. दोन्ही कडा सहा-सहा इंच सोडल्या की 108. अक्षर सहा इंच उंच ठेवलं तर रुंदीला शेजारच्या फटीसकट साडेचार इंच धरावे लागतात. पहिली ओळ अक्षरं आणि मोकळ्या जागा धरून बारा घरांची, दुसरी अकरा, तिसरी एकवीस. आडवी तिसरीही बसते, 95 इंचांत. घोडं अडतं उभ्या मापात. सहा इंचांच्या अक्षराला वर मात्रा-वेलांटी, खाली उकार आणि दोन ओळींमधली फट मिळून ओळीमागे अकरा इंच लागतात. 'सामर्थ्य'मधला रफार तर वरची जागा मागतोच, ती दिली नाही तर शिरोरेषेत घुसतो आणि लांबून नुसता डाग दिसतो. तीन ओळींना 33 इंच पाहिजेत. खिडकीची चौकट आणि ट्यूबलाइटची पट्टी यांच्यामध्ये जागा 24.

म्हणून तिसरी गेली. दरवेळी शेवटचीच जाते.

आज बसून आठवतोय, आजवर काय काय कापलं. "आलिया भोगासी असावे सादर" कितीतरी ठिकाणी लिहिलं, "देवावरी भार घालूनिया" एकदाही नाही. पाठीवरचं ओझं उतरवून ठेवायची सोय तुकोबांनी त्याच ओळीत केली होती. आम्ही ओझं ठेवलं, सोय पुसली. तालमीच्या भिंतीवर "नाठाळाच्या माथी हाणू काठी" मोठ्या लाल अक्षरांत. गाथेत "नाठाळाचि काठी देऊ माथा" आहे, आणि त्याच्या आधी भल्याला अंगावरची लंगोटीही काढून देऊ म्हटलंय. अभंग सुरू होतो "मऊ मेणाहूनि आम्ही विष्णुदास, कठीण वज्रास भेदू ऐसे" असा. मेण कुणालाच नको असतं, सगळ्यांना वज्र पाहिजे.

बाबासाहेबांचं "शिका, संघटित व्हा, संघर्ष करा" तर किती भिंतींवर. 1942 साली नागपूरच्या भाषणात ते इंग्रजीत बोलले तेव्हा क्रम शिका, संघर्ष करा, संघटित व्हा असा होता. लगेच पुढं म्हणाले की स्वतःवर विश्वास ठेवा, न्याय आपल्या बाजूला असताना आपण लढाई हरू कसे. तीन आज्ञा भिंतीवर आल्या, धीर मात्र भाषणातच राहिला. रात्री बारापर्यंत त्या खोलीत बसणाऱ्या पोरांना कशाची गरज जास्त आहे?

आणि ते वाळूचं. "प्रयत्ने वाळूचे कण रगडिता तेलही गळे." अभ्यासिका कुठलीही असो, हे ठरलेलंच. भर्तृहरीचा श्लोक, मराठी वामन पंडितांचं. पुढं मृगजळ पिऊन तहान भागेल म्हणतात, रानात हिंडून सशाचं शिंगही सापडेल म्हणतात, आणि शेवटी येतात मूळ गोष्टीवर, की हट्टाला पेटलेल्या मूर्खाचं मन मात्र वळवता येत नाही. श्लोक मूर्खाबद्दल आहे! वाळूचं तेल हे न होणाऱ्या गोष्टीचं उदाहरण. आपण ते उचललं आणि लेकरांना सांगितलं, रगड. आपल्याकडं करडई काढणाऱ्या कुणालाही विचारा. शंभर किलो दाण्यात तेल साधारण 28 ते 32 किलो, घाण्यावर हाती येतं त्याहून कमी, कारण थोडं पेंडीतच राहतं. दाणा ओलसर असला की तेल नीट सुटत नाही. म्हणजे रगडण्याआधी दाणा बघावा लागतो, घाणा बघावा लागतो. ज्याचं तेल निघत नाही त्या पोराला वाटतं आपणच कमी रगडलं. हे माझ्या अक्षरांतून वाटतं त्याला. निकालाची यादी लागते त्या दिवशी ते भिंतीकडं बघत असेल तर काय वाचत असेल?

सगळ्यात जड जातं ते लव्हाळ्याचं. "महापुरे झाडे जाती, तेथे लव्हाळे वाचती." 2025 च्या सप्टेंबरात सिंदफणा, सीना, मांजरा पात्राबाहेर आल्या आणि रानं खरडून गेली. लव्हाळा टिकतो कारण जमिनीखाली त्याच्या गाठींची माळ असते, नांगरानं तोडली तरी एकेका गाठीतून परत फुटतो. पण त्याला माती लागते. जिथं मातीच वाहून गेली तिथं... असो. त्या अभंगाची सुरुवात "नीचपण बरवे देवा" अशी आहे. लहान होऊन राहण्याचं मागणं आहे ते. ती ओळ लिहून द्या असं आजवर कुणी म्हणालेलं नाही.

माझ्या हातात काय आहे? मजकूर देणारा दुसरा, पैसे देणारा दुसरा, आपण ओळी मारणारे. आता तर फ्लेक्स तासाभरात छापून मिळतो, त्याच्यावर कोण विचारतंय पुढची ओळ कुठं गेली म्हणून. संध्याकाळभर मनात हेच चाललं होतं.

मग दिवा लावून परत मापं मांडली. एक इंचाचं अक्षर दहा फुटांवरून आरामात वाचता येतं. ती खोली पंचवीस फूट. तीन इंच पुरे होते. चार इंचांचं अक्षर घेतलं तर ओळीमागे सात इंच लागतात, तीन ओळींचे 21. जागा 24 आहे. बसत होती. वर तीन इंच उरून बसत होती. आबांनी 'मोठं लिव्हा' म्हणलं आणि मी मापं न मांडताच सहा इंचांची दोरी धरली. जागेवर ढकललं ते खरं नव्हतं. हे कळल्यावर जरा हलकं वाटलं, कारण जागा वाढवणं माझ्या हातात नाही, अक्षर लहान करणं आहे.

उद्या लगेच हात लावता येणार नाही. ऑइल पेंट ओला असताना टर्पेन्टाइननं पुसला तर निळा फराटा भिंतभर पसरतो. पूर्ण दिवस वाळू द्यायचा, मग 120 नंबरचा पॉलिश पेपर, अक्षराची कड हाताला लागेनाशी होईपर्यंत. ही कड राहिली तर वरून कितीही रंग मारा, उजेड तिरका पडला की जुनं अक्षर उठून दिसतं. प्रायमरचा एक हात, डिस्टेंपरचे दोन. दोरीला नीळच लावायची, गेरू पांढऱ्यातून वर येतो. मधल्या अक्षरापासून दोन्हीकडं खडूनं मांडायचं, डावीकडून सुरू केलं की 'पाहिजे' कडेला चेंगरतं.

रंग घरात आहे, दोन दिवसांची मजुरी लावायची नाही. सकाळी आबांकडं जाऊन विचारतो. ते नको म्हणाले तरी त्या लेकराला कागदावर तिसरी ओळ लिहून देतो, चार इंची अक्षरात नाही, साध्या पेननं.