कॉर्नवॉलिसच्या मागावर: कॅमडेन ते यॉर्कटाऊन, गाडीने

अमेरिकेचं स्वातंत्र्ययुद्ध म्हटलं की आपली मंडळी बॉस्टन नाहीतर फिलाडेल्फिया गाठतात, ती तडा गेलेली घंटा बघतात, फोटो काढतात, झालं. पण ब्रिटिशांच्या हातून हे युद्ध निसटलं ते दक्षिणेच्या मोहिमेत, दोन्ही कॅरोलायनांत. शार्लट-रेलीकडच्या लोकांना तर हे सगळं अगदी दाराशी आहे आणि तरी कोणी जात नाही. आम्ही शार्लटहून निघून कॅमडेन, किंग्ज माउंटन, काऊपेन्स, गिलफर्ड कोर्टहाऊस आणि शेवटी यॉर्कटाऊन असं केलं. जाणाऱ्यांना पहिला सल्ला हाच की क्रम मोडू नका. नुसतं यॉर्कटाऊन बघितलं तर ब्रिटिश सेनापती कॉर्नवॉलिस तिथे नदीकाठी अडकायला गेलाच कशाला हे काही केल्या कळत नाही.

थोडी पार्श्वभूमी. मे 1780 मध्ये चार्ल्सटन पडलं, अमेरिकनांचे पाच हजारांवर लोक कैद झाले. ब्रिटिश सरसेनापती क्लिंटन खुशीत न्यूयॉर्कला परत गेला आणि दक्षिण कॉर्नवॉलिसवर सोपवली. पण जाताना त्याने एक जाहीरनामा काढला, की पॅरोलवर (पुन्हा लढणार नाही असं वचन देऊन) घरी बसलेल्यांनीही आता राजाच्या बाजूने उभं राहायचं, नाहीतर बंडखोर समजू. जे लोक गपचूप शेती करत बसले असते त्यांना यानेच बंदुका उचलायला लावल्या. माझ्या मते हरायला सुरुवात इथेच झाली, लढाया नंतरच्या.

कॅमडेन शार्लटहून दीडेक तास. 16 ऑगस्ट 1780 ला इथे अमेरिकन जनरल गेट्सची फौज पार उधळली. आदल्या रात्री त्याच्या सैनिकांना रमऐवजी काकवी आणि अर्धकच्चं जेवण मिळालं आणि निम्मी पलटण रस्ताभर झुडपाआड पळत होती, त्याच अवस्थेत रात्री दोनच्या सुमाराला दोन्ही फौजा अंधारात एकमेकांवर आदळल्या. उजाडल्यावर गेट्सचे मिलिशियावाले (म्हणजे गावोगावचे तात्पुरते शिपाई) ब्रिटिशांच्या कवायती पलटणींसमोर उभे, ते बहुतेक गोळी न झाडताच पळाले. गेट्सच्या हाताखालचा जनरल बॅरन द काल्ब तेवढा शेवटपर्यंत लढला आणि जखमांनी गेला, त्याची समाधी गावातल्या चर्चसमोर आहे. रणांगण गावाच्या उत्तरेला काही मैलांवर, पाइनच्या जंगलात. फलक आणि पायवाटा सोडल्या तर तिथे काही नाही, टॉयलेट वगैरे गावातच उरकून घ्या. याच मैदानात 2022 साली 14 सैनिकांचे सांगाडे मिळाले आणि पुढच्या वर्षी त्यांचं लष्करी इतमामात दफन झालं.

आणि आता आपल्या कामाचं. त्या दिवशी ब्रिटिशांची डावी फळी सांभाळत होता लॉर्ड रॉडन, जेमतेम पंचविशीतला. हाच पुढे मार्क्वेस ऑफ हेस्टिंग्ज, 1813 ते 1823 आपल्याकडे गव्हर्नर जनरल, ज्याच्या कारकिर्दीत 1818 ला पेशवाई बुडाली. हे डोक्यात ठेवून त्या जंगलात फिरा, जागा वेगळीच वाटते. (वॉरन हेस्टिंग्ज वेगळा बरं का, दोघांची नेहमी गल्लत होते.)

किंग्ज माउंटनला जाताना जीपीएस नीट बघा. त्या नावाचं गाव नॉर्थ कॅरोलायनात आहे आणि नॅशनल मिलिटरी पार्क हद्दीपलीकडे साउथ कॅरोलायनात, शिवाय शेजारीच त्याच नावाचं स्टेट पार्क, तिथे वेगळं तिकीट लागतं. तुम्हाला हवंय ते मिलिटरी पार्क, ते फुकट आहे. दीड मैलाची डांबरी वाट टेकडीला वळसा घालते, स्ट्रोलर जातो पण चढ चांगलाच आहे, आजी-आजोबांना व्हिजिटर सेंटरमधली फिल्म दाखवून सावलीत बसवलेलं बरं.

इथली लढाई 7 ऑक्टोबर 1780 ची, तासाभरात आटोपलेली. ब्रिटिशांच्या मेजर फर्ग्युसनने डोंगरापलीकडच्या लोकांना धमकी पाठवली होती की मुकाट राहा नाहीतर येऊन तुमचे पुढारी लटकवीन आणि मुलूख जाळीन. ते लोक त्याची वाट बघत थांबलेच नाहीत, ॲपलेशियन डोंगर ओलांडून स्वतःच आले. फर्ग्युसन टेकडीच्या उघड्या माथ्यावर, हे खाली झाडांच्या आडून चहूबाजूंनी. वरून खाली झाडलेल्या गोळ्या डोक्यावरून जात होत्या, संगिनी घेऊन खाली धावलं की हे मागे हटायचे आणि वळलं की परत वर चढायचे. ती वाट चालताना गनिमी कावा म्हणजे काय हे पोरांना न सांगता कळतं. आणखी एक गोष्ट इथेच लक्षात येते, की या लढाईत ब्रिटिश असा एकटा फर्ग्युसनच होता, बाकी दोन्हीकडे अमेरिकनच! त्याला तिथेच पुरलाय, वर दगडांचा ढीग आहे.

तिथून काऊपेन्स अर्धा-पाऊण तास. वाटेत गॅफ्नीला हायवेलगत पीचच्या आकाराची पाण्याची टाकी दिसते, पोरं खूश होतात, आणि बाजूने बघितली तर मोठेही हसतात. काऊपेन्स मला सगळ्यात आवडलं. सपाट गवताळ माळ, थोडी झाडं, गर्दी नाही. 17 जानेवारी 1781 ला अमेरिकन जनरल डॅनियल मॉर्गनने इथे ब्रिटिशांच्या टार्लटनला शब्दशः फसवला. मिलिशिया पळते हे कॅमडेनला सगळ्यांनी बघितलं होतं, मॉर्गनने ते पळणंच योजनेत घेतलं. पुढे नेमबाज, मागे मिलिशिया, त्यांना सांगितलं की दोन फैरी झाडा आणि खुशाल मागे जा, आणि उताराच्या आड कसलेली कॉन्टिनेंटल (अमेरिकनांची कायमच्या फौजेतली) पलटण. टार्लटनला वाटलं पळाले, तो बेभान पुढे घुसला आणि दोन्ही बाजूंनी घोडदळात आणि परत फिरलेल्या मिलिशियात सापडला. अकराशेतले शंभरावर मेले, पाचशेवर पकडले गेले. मॉर्गन आदल्या रात्री शेकोटी-शेकोटीला जाऊन पाठीवरचे ब्रिटिशांच्या फटक्यांचे वळ दाखवत फिरला होता म्हणे. रणांगणाची वाट सव्वा मैलाच्या आसपास आहे, ती चालाच, गाडीतून बघून तो उतार कळत नाही.

यानंतर कॉर्नवॉलिस असा चिडला की मॉर्गन आणि त्याचा वरिष्ठ जनरल ग्रीन यांचा पाठलाग करायला त्याने आपल्याच सामानाच्या गाड्या, तंबू, रमची पिंपं जाळली. भर जानेवारीत. आणि ग्रीन डॅन नदी ओलांडून निसटला तो निसटलाच.

गिलफर्ड कोर्टहाऊस ग्रीन्सबरो शहरातच आहे, निम्मे लोक जॉगिंगला आलेले असतात, त्यामुळे रणांगणाचा फील कमी. इथे 15 मार्च 1781 ला एकोणीसशे लोकांनिशी कॉर्नवॉलिसने ग्रीनच्या दुपटीहून मोठ्या फौजेला मागे रेटलं, पण पाचशेवर माणसं गमावून. लंडनला पार्लमेंटात विरोधी पक्षाचा फॉक्स म्हणाला, असा आणखी एक विजय मिळाला तर फौजच संपेल. तंबू जाळलेले, रात्री धो धो पाऊस, जखमी उघड्यावर. मग हा गडी विल्मिंग्टनला आणि तिथून व्हर्जिनियात गेला. दोनेक तास पुरतात.

ग्रीन्सबरो ते यॉर्कटाऊन चारेक तास. इथे दोन वेगळ्या गोष्टी आहेत, नॅशनल पार्कचं रणांगण आणि राज्याचं अमेरिकन रेव्होल्यूशन म्युझियम, तिकिटं वेगळी, नॅशनल पार्कचा वार्षिक पास फक्त पहिल्याला चालतो. पोरं असतील तर म्युझियम चांगलं, नसतील तर थेट रणांगण. नऊ आणि दहा नंबरचे बुरूज बघा, 14 ऑक्टोबर 1781 च्या रात्री फ्रेंचांनी नऊ आणि अमेरिकन कर्नल हॅमिल्टनच्या लोकांनी दहा नंबर घेतला. पण खरा निकाल आधीच समुद्रात लागला होता, 5 सप्टेंबरला फ्रेंच आरमाराने ब्रिटिश जहाजांना चेसापीक उपसागराच्या तोंडाशी अडवलं आणि कॉर्नवॉलिसची सुटकेची वाटच गेली. 19 ऑक्टोबरला सात हजारांवर फौज शरण आली. तो स्वतः आजारी असल्याचं सांगून घरात बसला, तलवार द्यायला हाताखालच्या जनरल ओहाराला पाठवलं.

सरेंडर फील्डवर उभं राहिल्यावर आठवतं की हा माणूस पाच वर्षांत गव्हर्नर जनरल होऊन कलकत्त्याला उतरला आणि 1792 ला श्रीरंगपट्टणला टिपूला घेरला तेव्हा सोबत मराठ्यांचे सरदार हरिपंत फडके होते. अमेरिकेतल्या पराभवाने त्याचं काहीही बिघडलं नाही. आणि तो कॅरोलायनात धावत होता त्याच काळात, डिसेंबर 1780 ला इंग्रज जनरल गॉडर्डने मराठ्यांकडून वसई घेतली आणि पुढच्या वसंतात बोरघाटातून त्याला मार खात परतावं लागलं.

बाकी किरकोळ: जून ते ऑगस्ट टाळा, ऊन आणि दमट हवा जीव काढते, गवतात टिक्स असतात, फुल पॅन्ट घाला. ऑक्टोबर बेस्ट, 7 आणि 19 तारखेला वर्धापनदिनाचे कार्यक्रमही असतात. नॅशनल पार्कच्या चारही जागांवर पोरांना ज्युनियर रेंजरचा बिल्ला मिळतो. शाकाहारी असाल तर साउथ कॅरोलायनातल्या छोट्या गावांच्या भरवशावर राहू नका, दशम्या-चटणी बरोबर ठेवा. मुक्काम यॉर्कटाऊनपेक्षा विल्यम्सबर्गला करा, हॉटेलं भरपूर आहेत, कलोनियल पार्कवेने जा, पण त्या रस्त्यावर गॅस स्टेशन एकही नाही. वेळ असेल तर काऊपेन्सनंतर दक्षिणेला नाइंटी सिक्सचा चांदणीच्या आकाराचा मातीचा किल्लाही करा, ग्रीनने घातलेला त्याचा वेढा रॉडननेच येऊन उठवला होता.