मावशी म्हण तिला

दुपारी कूलरच्या घरघरीत टीव्हीवर सिनेमा लागलेला असतो आणि त्यातलं पोर हमखास तापानं फणफणतं. सावत्र आई रात्रभर कपाळावर पट्ट्या ठेवते, पहाटे पोर पुटपुटतं, "मम्मी!" जुळलं घर. 'बेटा'तली (१९९२) सावत्र आई कपटी होती; 'वी आर फॅमिली'त (२०१०) नवी आई भली निघाली, पण तिला घरात जागा झाली ती पहिलीला कॅन्सर झाल्यावर. त्यापेक्षा १९७८ चा 'खट्टा मीठा' शहाणा. चार पोरांचा विधुर, तीन पोरांची विधवा. सात पोरं एका छताखाली कोंबायची, म्हणजे निराळा खलनायक लागतोच कशाला!

खान्देशात हाकेचं काम तापावर सोडत नाहीत. नवी बाई उंबरा ओलांडते न ओलांडते तोच एखादी आत्या निकाल देते, "मावशी म्हण तिला." पूर्वी मेलेलीची धाकटी बहीणच आणत, तेव्हा ती खरीच मावशी असे. आता नात्यातली नसली तरी मावशीच. 'माय' ही हाक गेलेलीच्या नावावर राहते, नवीला ती हिसकावून घ्यावी लागत नाही. सिनेमात 'आंटी'वरून थेट 'मम्मी'वर उडी. मधली पायरीच नाही.

परीक्षा होते ती भरताच्या दिवशी. हिरवी वांगी टोचून पळाट्यांच्या, म्हणजे कापसाच्या वाळक्या काड्यांच्या, जाळावर धरायची, देठाला धरून फिरवत राहायची. टोचायचं राहिलं तर फुटतात, घाई केली तर देठाजवळ कच्ची राहतात. इथवर सगळ्या बायांचं एकमत. मग मिरच्या. गेलेली मिरच्या वांग्यांबरोबरच भाजून लसणासोबत कुटायची, नवी तेलात परतते. पोर एक घास खाऊन ताट सरकवतं, "असं नसतं भरीत." पटकथा लिहिणाऱ्यांना ही मिरची दिसत नाही. शहाणी मावशी रुसत नाही, भरीत कुटायची लाकडी बडगी पोराच्या हातात देते. कुट तुझ्या मायसारखं.

सिनेमा 'मम्मी'पाशी संपतो. सावत्र बापाच्या वारसनोंदीपर्यंत कुणी कॅमेरा नेत नाही. मृत्युपत्र केलेलं नसेल आणि पोर दत्तक घेतलेलं नसेल, तर हिंदू वारसा कायद्यात सावत्र पोराला मुलाचा हक्क नाही, मग त्यानं जन्मभर 'पप्पा' म्हटलेलं असो. केंद्रीय दत्तक नियमांनुसार कागद करायचे तर पोर पाच वर्षांचं किंवा मोठं असल्यास त्याची संमती लागते. त्याला पहिल्यांदा कुणी विचारतं ते तिथे.